शॉर्ट फिल्मसाठी मगर बनवतोय, सगळं हलतंय पण जिवंत वाटत नाही. मदत करा

नटबोल्ट_सांगली

नमस्कार मंडळी, इथं पहिल्यांदाच लिहितोय, चुकलं माकलं सांभाळून घ्या. मी डिप्लोमा मेकॅनिकल, दिवसभर लेथवर असतो आणि रात्री आमचा पाच पोरांचा ग्रुप एका शॉर्ट फिल्मच्या मागं लागलाय. गोष्ट साधी आहे, नदीकाठची एक म्हातारी रोज पहाटे घाटावर धुणं घेऊन येते आणि एक मगर तिला रोज बघत असते, हल्ला बिल्ला काही नाही, शेवट सांगत नाही. आता आमच्या कृष्णेत मगरी आहेत हे ह्या भागातल्या कुणाला सांगायला नको, औदुंबर भिलवडी पट्ट्यात थंडीत काठावर ऊन खात पडलेल्या दिसतात, पण खरी मगर एकतर आपलं ऐकत नाही आणि दुसरं म्हणजे वन्यजीव कायद्यात ती शेड्यूल एकमधे आहे, तिच्याशी खेळायला गेलो तर पिक्चरऐवजी कोर्टाची तारीख पडायची. म्हणून म्हटलं बनवूच.

तर झालंय असं की डोकं आणि मान तयार आहे. लोखंडी (एमएस) पट्टीचा सांगाडा, शाडूत मूर्तीकाम (गणपती करणाऱ्या मित्रानं केलंय, नाद खुळा झालंय), पीओपीचा साचा, त्यात लोकल आरटीव्ही सिलिकॉन (खोलीच्या तापमानाला घट्ट होणारं रबर) ओतून कातडी काढली. जबड्याला दोन एमजी ९९६ सर्वो (सांगितलेल्या कोनात फिरून थांबणारी छोटी मोटर), डोळे डावीउजवीकडं फिरवायला एक, पापण्यांना दोन, मान गाडीच्या वायपरच्या मोटरवर. चालवायला आर्डुइनो (छोटा कंट्रोलर बोर्ड) आहे, प्रोग्रॅम एका मित्रानं लिहिलाय, बटन दाबलं की चाळीस सेकंदाचा सगळा कार्यक्रम आपोआप होतो.

आता रडगाणं. जबडा उघडतो तो लिफ्टसारखा हळूहळू आणि अर्ध्यात गेला की थरथरायला लागतो. मधेच सगळे सर्वो एकदम झटका मारतात आणि आर्डुइनो रीसेट होतो. कातडीचं वजन साडेसहा किलो भरलंय. आणि सगळ्यात मोठं म्हणजे हे सगळं नीट चाललं तरी ती मगर वाटत नाही ओ, जत्रेतल्या भूतबंगल्यातलं काहीतरी वाटतंय. आईनं बघितलं आणि म्हणाली छान केलंय, ह्यात चप्पल ठेवायची का.

पस्तीस हजार जमवले होते, अकरा उरलेत. शूटला तीन आठवडे आहेत. फोटो जोडलाय. बोला.

---

रेंडरबाबा

भावा २०२० नंतर कोण रबराची जनावरं बनवतं, ब्लेंडर (थ्रीडी सॉफ्टवेअर) फुकट आहे, मगरीचं मॉडेल पण मिळेल, तीन आठवड्यात मी करून देतो.

---

लेटेक्सताई

रेंडरबाबा, ओलं अंग, पाणी, चिखल, पहाटेचा उजेड आणि समोर खरी म्हातारी, हे तीन आठवड्यात एकट्याने पटण्यासारखं करून दाखव, मग बोलू. आणि म्हातारीचं काम जी बाई करणार आहे तिला बघायला समोर काहीतरी लागेल ना, की काठीला टेनिस बॉल बांधून त्याच्याकडे प्रेमाने बघ म्हणणार?

नटबोल्ट, मी मुंबईत प्रॉस्थेटिक आणि क्रीचरच्या वर्कशॉपमधे काम करते, जास्त करून कातडी, केस, रंग. तुझे प्रॉब्लेम एकेक करून सांगते पण आधी एक प्रश्न, डोकं किती लांब आहे? फोटोत शेजारी पाण्याची बाटली दिसतेय त्यावरून अडीच फूट तरी असेल. मगरीचं डोकं अंगाच्या साधारण सातवा हिस्सा असतं. म्हणजे तू साडेसतरा फुटांची मगर बनवतोयस. पिक्चरमधे ती किती फुटी आहे?

जबड्याचं गणित करून बघ. खालचा जबडा कातडीसकट समज १.५ किलो, वजनाचा मध्य बिजागरीपासून २० सेंमी, म्हणजे नुसता आडवा धरून ठेवायला ३० किलो-सेंमी टॉर्क (फिरवायचा जोर) पाहिजे. तुझा सर्वो ६ व्होल्टवर ११ च्या आसपास देतो, तोही पार अडकून बसेपर्यंत ताणला तर. दोन मिळून बावीस. थरथरणारच बिचारे, पहिल्या दिवसापासून ओव्हरलोड आहेत. मोठे सर्वो घेऊ नकोस, स्प्रिंग लाव. जबड्याचं बरंचसं वजन स्प्रिंगने पेललं की सर्वोला फक्त हलवायचं काम उरतं. आमच्याकडे नवीन पोरगं आलं की पहिला महिना हेच शिकतं, मोटर वजन उचलायला नसते, वजन आधी तोलून घ्यायचं.

पण त्याच्याही आधी खऱ्या मगरीचे व्हिडिओ बघ आणि फक्त तोंडाकडे बघ. मगरीच्या जबड्याचे बंद करणारे स्नायू राक्षसी असतात आणि उघडणारे एकदम लेचेपेचे, म्हणून तर पकडल्यावर साध्या दोरीने तोंड बांधता येतं. म्हणजे तुझी लिफ्ट चूक नाहीच, उघडताना ती हळूच उघडते, तशीच पडून राहते तोंड वासून, अंगातली उष्णता कमी करायला. चूक आहे ती बंद होताना. तिथे तुझा सर्वो परत तेवढ्याच वेगाने हळूहळू मिटवतो आणि तिथेच कळतं की आत मोटर आहे. आणि दुसरं, काठावर पडलेल्या मगरीचा खालचा जबडा जमिनीला टेकलेला असतो, उघडतं ते वरचं डोकं. तू खालचा जबडा हलवतोयस म्हणून तुला डोकं हवेत धरावं लागलं आणि म्हणून ती चपलेच्या स्टँडसारखी दिसते. काकूंना बरोबर दिसलं.

कातडी. साडेसहा किलो सिलिकॉन कशाला रे? माणसाचा चेहरा असता तर गोष्ट वेगळी, तिथे सगळीकडे ताण लागतो. मगरीच्या डोक्याला कवटीवर चिकटलेली कडक कातडी असते, ती हलतच नाही. हलतं फक्त जबड्याचा कोपरा, गळा आणि डोळ्याभोवतीचं. तेवढ्या जागी सिलिकॉन ठेव, बाकीचं कापून काढ, तिथे ईव्हीए फोमची (चपलेच्या तळव्याला असतो तो) शीट कोरून लाव, वजन बरंच कमी होईल. जॉइंट खवल्यांच्या रेघेत घे म्हणजे दिसत नाही.

रंगाचं विचारलं नाहीस पण सांगून ठेवते कारण रडत येशील. सिलिकॉनवर अ‍ॅक्रेलिक, ऑइल पेंट, स्प्रे काहीही टिकत नाही, पापडासारखं सुटतं. सिलिकॉनवर फक्त सिलिकॉनच चिकटतं, म्हणून तेच सिलिकॉन टर्पेंटाइनमधे पातळ करून त्यात ट्यूबमधला ऑइल कलर घोटायचा आणि स्पंजने थापायचा. मास्क लाव, खिडक्या उघड. आणि पुढच्या वेळी कुणी भारी प्लॅटिनम सिलिकॉन दिलं तर गंधक असलेल्या क्लेवर किंवा लेटेक्सचे हातमोजे घालून कधी ओतू नकोस, ते सेटच होत नाही, चिकट राहतं जन्मभर. मी एकदा पूर्ण हत्तीचा कान असा घालवलाय, चार दिवसांचं काम आणि मालकांचे शब्द अजून कानात आहेत. तुझं आरटीव्ही वेगळं, टिनवर सेट होणारं आहे म्हणून वाचलास.

---

हलते_देखावे_काका

नमस्कार. मी पुण्यात तीस एक वर्षं गणपतीचे हलते देखावे करतोय, कालियामर्दन म्हणू नका, अफझलखान म्हणू नका, सगळं करून झालंय. चित्रपटाचं मला कळत नाही, पण लोखंड आणि वायर कळते.

ताईंनी जबड्याचं सांगितलंच. झटक्याचं कारण चार्जर. मोबाईलचा दोन अँपिअरचा लावलाय ना? तुमचा एक सर्वो अडकला की एकटा अडीच अँपिअर ओढतो. पाच सर्वो एकदम निघाले की व्होल्टेज पडतं आणि आर्डुइनो झोपतो, त्याचा काही दोष नाही. एलईडी बोर्डवाल्यांकडं पाच व्होल्टचा मोठा एसएमपीएस (पॉवर सप्लाय) मिळतो, घरात चाचणीला तो घ्या, सर्वोला सरळ त्यावरून सप्लाय द्या, आर्डुइनोच्या पिनेतून नाही, फक्त दोन्हींची ग्राउंड एक करा. पण नदीवर एसएमपीएस न्यायचा नाही. पाण्याजवळ २३० व्होल्टची एक वायरसुद्धा नको, बारा व्होल्टची बॅटरी आणि व्होल्टेज कमी करणारा कन्व्हर्टर. हे मी मस्करीत सांगत नाहीये.

आता वायपर मोटर. ती आम्ही देखाव्यात वापरतो कारण ती मरत नाही, दहा दिवस रात्रंदिवस फिरते. पण ती गोल फिरते, क्रँकवर पुढं मागं करते, प्रत्येक फेरी अगदी पहिल्यासारखी. देखाव्यासमोर माणूस दोन मिनिटं थांबतो, आरती करतो, पुढं जातो, त्याला तीच हालचाल तीनदा दिसली तरी चालते. तुमच्या पिक्चरमधे माणूस खुर्चीत बसून बघणार आहे. मानेची वायपर काढून टाका. मागनं एक पाइप बाहेर काढा आणि हातानं धरा.

खरं सांगायचं तर डोळे सोडून सगळेच सर्वो काढा असं मी म्हणेन. सायकलच्या ब्रेकची वायर घ्या, आतली तार आणि बाहेरचं आवरण, शेवटाला सायकलचाच ब्रेकचा हँडल. दाबलं की जबडा उघडला, सोडलं की स्प्रिंगनं खाड्कन मिटला. किती दाबायचं, किती वेळ धरायचं, कधी सोडायचं ते तुमच्या हातात. दोन गोष्टी सांभाळा, आवरणाची दोन्ही टोकं घट्ट बांधलेली हवीत, नाहीतर तार ओढताना आवरणच पळतं आणि जबडा तसाच राहतो, आणि वायरला जेवढी वळणं तेवढं घर्षण. सरळ ठेवा, तेलाचं बोट फिरवा. खर्च दोन तीनशे रुपये. चुकलं तर पाच मिनिटात दुसरी वायर. तुमच्या सर्वोचा गिअर शूटवर तुटला तर काय करणार?

---

रेंडरबाबा

काका पण हे म्हणजे परत कठपुतळीच झाली की. मग अ‍ॅनिमॅट्रॉनिक (यंत्रावर हलणारं जनावर) कशाला म्हणायचं.

---

हलते_देखावे_काका

म्हणू नका.

---

धुक्यातली_पाहुणी

रेंडरबाबा, "कठपुतळीच झाली की" ह्या वाक्यावर मी चार दिवस बोलू शकते, कारण माझं पोट त्यावर चालतं. मूळची कुडाळची, आता बरीच वर्षं लंडनमधे, क्रीचर परफॉर्मर म्हणून काम करते, म्हणजे जनावराच्या आत, खाली, मागे कुठेतरी दडून हात दुखेपर्यंत ते धरून ठेवायचं काम. पिक्चरची नावं विचारू नका, गुप्ततेच्या कागदांवर सह्या केल्यात. पण लहानपणी आमच्या शेजारच्या पिंगुळीत ठाकरांच्या कळसूत्री बाहुल्या बघितल्या होत्या आणि इथे येऊन पहिल्या दिवशी जे शिकवलं ते त्याच बाहुल्यांचं होतं, फक्त इंग्रजीत. त्याच पिंगुळीच्या परशुराम गंगावणेंना २०२१ मधे पद्मश्री मिळाली तेव्हा मी इथे सेटवर सगळ्यांना फोटो दाखवत फिरत होते.

आणि "परत कठपुतळी" वगैरे काही नसतं, मोठ्या पिक्चरांत पण तेच आहे. स्टार वॉर्समधला योडा १९८० मधे आला तेव्हा तो फ्रँक ऑझच्या हातावर होता, सेटची जमीनच उचलून वर बांधली होती म्हणजे खाली उभं राहून चालवता यावा. त्याच मालिकेतल्या १९८३ च्या जब्बाच्या पोटात तीन माणसं होती, त्यातला एक फक्त शेपूट हलवायला, आणि डोळे बाहेरून रिमोटवर. ज्युरासिक पार्कचा टी-रेक्स हायड्रॉलिकवर होता, चार टनांचा, पण तो पण बटन दाबून सोडून दिलेला नव्हता, त्याचं एक छोटं मॉडेल होतं, माणसं ते छोटं मॉडेल हाताने वाकवायची आणि मोठा डायनासोर तसा वाकायचा. आपल्याकडे बघायचं तर झपाटलेला, १९९३, तात्या विंचूचा बाहुला रामदास पाध्यांनी बनवला आणि त्यांनीच चालवला. पोरं रात्री उठून आईच्या कुशीत शिरायची ती काय मोटरला घाबरून?

उलट बाजूही सांगते. १९७६ च्या किंग काँगसाठी चाळीस फुटी यांत्रिक माकड बांधलं, अफाट खर्च केला, आणि ते पडद्यावर दिसतं जेमतेम काही सेकंद. बाकी सगळा पिक्चर रिक बेकर नावाच्या माणसाने माकडाचा सूट घालून ओढला.

तर नटबोल्ट, तुझी मगर मेलेली दिसते कारण तिला चाळीस सेकंदाचा कार्यक्रम पाठ आहे. ती म्हातारीकडे बघत नाहीये, ती प्रोग्रॅम पूर्ण करतेय. समोर म्हातारी खोकली, साबण घसरला, एखादा शब्द जास्त बोलली, तरी मगरीला पत्ता नाही. नटाने समोरच्याचं ऐकायचंच नाही असं ठरवलं तर तो नट जसा दिसेल तशी ती दिसतेय. तो प्रोग्रॅम फेकून दे. डोळ्यांचा सर्वो ठेव, पण जॉयस्टिकवर घे, एका माणसाच्या हातात. आणि तो माणूस तुमच्यातला सगळ्यात हुशार प्रोग्रॅमर नको, सगळ्यात कमी बोलणारा आणि जास्त बघणारा पोरगा घे. असतो असा एक प्रत्येक ग्रुपमधे.

क्रम लक्षात ठेव, आधी डोळा, मग डोकं, मग अंग. काही ऐकू आलं की पहिले डोळे वळतात, मग अर्ध्या क्षणाने डोकं त्यांच्या मागून जातं, आणि डोकं पोचलं की डोळे परत मधोमध येतात. तिन्ही एकदम फिरले की तोफ फिरल्यासारखं दिसतं. आणि नुसतं "म्हातारीकडे बघ" म्हणून चालत नाही, कुठे बघ ते ठरव. तिच्या हातांकडे? धोपटण्याकडे? पाण्यात पडलेल्या तिच्या सावलीकडे? प्रत्येक टेकला ऑपरेटरला विचार, आता ती काय बघतेय, उत्तर आलं नाही तर टेक घेऊ नकोस.

पापण्या. तू दोन सर्वो लावलेस म्हणजे बहुतेक ती दर तीन सेकंदाला डोळे मिचकावते, हो ना? माणसं मिचकावतात तशी. मगर कितीतरी वेळ डोळा मिटत नाही, तेच तर तिचं भयानक आहे. तिला तिसरी पापणी असते, दुधट पारदर्शक, आडवी सरकते, ती जमली तर बघ, दुधी प्लास्टिकची एक चकती आणि एक तार, अख्ख्या पिक्चरमधे फक्त दोनदा वापर. डोळ्यातली बाहुली उभी चिरेसारखी हवी. आणि डोळ्यांवर टेकच्या आधी दरवेळी पाणी मार, कोरडा डोळा म्हणजे प्लास्टिकचा डोळा, कितीही महाग घे.

आता सगळ्यात महत्त्वाचं, श्वास. लंडनच्या नॅशनल थिएटरला २००७ मधे वॉर हॉर्स नावाचं नाटक आलं, दक्षिण आफ्रिकेतल्या हँडस्प्रिंग नावाच्या बाहुलीवाल्या कंपनीने त्यातला घोडा बनवला, वेताचा, आरपार दिसणारा, तीन माणसं उघड दिसतात, एक डोक्याला, एक पुढच्या पायांना, एक मागच्या. मोटर नाही. लोकं पाच मिनिटात माणसं बघायची विसरतात, कारण तो घोडा श्वास घेतो, आणि तिघं एकाच वेळी घेतात. तुझ्या मगरीच्या गळ्याखाली एक फुगा बसव, त्याला नळी, नळीला बीपी मोजायच्या मशीनचा रबरी बोंडा, आणि एक पोरगा फक्त तेवढंच करेल. हळू भर, थांब, सोड, मग बराच वेळ काही नाही. तो थांबलेला वेळ म्हणजे अभिनय आहे. डोळेवाला, मानेवाला आणि फुगेवाला, तिघांनी शूटच्या आधी चार पाच रात्री एकत्र बसून नुसता श्वास घ्यायचा सराव करा. हसू येईल पहिल्या रात्री, येऊ दे.

मॉनिटर बघून चालवायला शिका, मगरीकडे बघून नाही. कॅमेऱ्यात काय दिसतंय तेच खरं. सुरुवातीला डावं उजवं उलटं होतं, डोकं फिरतं, दोन दिवसात बसतं.

ज्यांना वाटतं हे काम करणारे म्हणजे नट नाहीत त्यांच्यासाठी एक, २०२२ मधे लाइफ ऑफ पायच्या नाटकातला वाघ चालवणाऱ्या सात जणांना मिळून सहाय्यक अभिनेत्याचं ऑलिव्हिए अवॉर्ड (इथल्या नाटकांचं सगळ्यात मोठं) दिलं. वाघाला. मी बसले होते घरी टीव्हीसमोर आणि रडले, सांगायला लाज नाही.

---

म्हापशेकार

वरचं सगळं वाचून मजा आली मरे. मी गोव्याचा, आम्ही दर दिवाळीला नरकासुर करतो, हल्ली त्याला पण डोकं फिरवणं, हात वर करणं सगळं असतं, शिगम्याच्या चित्ररथांवर तर काय काय हलतं, पण पहाटे नरकासुर जाळायचाच असतो म्हणून आम्हाला टिकवायची चिंता नाही. तुला आहे. मला फक्त पाण्याबद्दल बोलायचंय कारण त्यावर कोणीच बोललं नाही.

तुझी मगर पाण्यात जाणार आहे का? जाणार असेल तर लक्षात ठेव की ह्या धंद्यातला सगळ्यात प्रसिद्ध घोळ पाण्यातलाच आहे. जॉजचा यांत्रिक शार्क, १९७५ चा पिक्चर, तीन बनवले होते, हवेच्या दाबावर चालणारे, आणि खाऱ्या पाण्यात चाचणीच घेतली नव्हती. मॅसॅच्युसेट्सच्या मार्थाज व्हिनयार्ड बेटावर समुद्रात उतरवले आणि एकामागून एक बिघडायला लागले. मग दिग्दर्शकाने शार्क दाखवायचाच कमी केला, पिवळी पिंपं पाण्यावरून धावताना दाखवली, संगीत वाजवलं, आणि लोकांची त्यालाच जास्त फाटली.

आणि टी-रेक्स पावसात भिजला तेव्हा त्याची फोमची कातडी स्पंजसारखी पाणी प्यायली, वजन वाढलं, आणि अख्खा डायनासोर थंडी वाजल्यासारखा कापायला लागला. टेकच्या मधे लोकं टॉवेल घेऊन त्याला पुसत बसायची. म्हणून तू गादीतला स्पंज कुठेही वापरू नकोस, ईव्हीए किंवा थर्माकोल, पाणी न पिणारं काहीतरी.

पण माझा खरा सल्ला वेगळा आहे. पाण्यातल्या मगरीचं काय दिसतं? दोन डोळे, नाकपुड्या, पाठीवरची थोडी खवलं. बास. म्हणजे तुला पाण्यासाठी हे अडीच फुटी यंत्र लागतच नाही, थर्माकोलची नुसती वरची कवटी कर, रंगव, खाली वाळू भरलेला पीव्हीसी पाइप लाव म्हणजे बरोबर डोळ्यांपर्यंत बुडेल (हे घरी टाकीत करून बघ, एक एक मूठ वाळू कमी जास्त करत), आणि पाण्याखालून दोरी, समोरच्या काठावर कप्पी, एक माणूस हळू ओढेल. यंत्र फक्त काठावरच्या क्लोजअपला.

आणि कृष्णेत उतरू नको रे बाबा, तिथे खऱ्या आहेत. शेततळं बघ कुणाचं तरी, प्रवाह नाही, तळ माहिती. फक्त त्या प्लास्टिकच्या उतारावर पाय घसरतो, वर येता येत नाही, दोरी बांधून आणि ट्यूब घेऊनच उतरायचं.

---

नटबोल्ट_सांगली

मंडळी काय लिहू, चार दिवस रिप्लाय दिला नाही कारण झोपलो नाही.

ताई, माप बरोबर पकडलंत, तीस इंच आहे. गोष्टीत मगर नऊ फुटाची म्हटली होती. मूर्तीवाल्या मित्राला विचारलं तर म्हणाला मला कुणी सांगितलंच नव्हतं, भारदस्त दिसू दे म्हटलं. आता परत करायला वेळ नाही म्हणून आम्ही गोष्टच बदलली, गावात म्हणतात ती आजीच्या लग्नापासून आहे. आता अंग कधी पूर्ण दाखवायचंच नाही असं ठरलंय, डोकं मान आणि पुढं गवत.

खालचा जबडा फिक्स करून टाकला, जमिनीवर. वरचं डोकं बिजागरीवर, मागं पाइप काढून त्याला काकांची ब्रेक वायर आणि तोलायला शटरची जुनी स्प्रिंग. सिलिकॉन कापताना मित्राच्या डोळ्यात पाणी आलं पण वजन खरंच गेलं. आवरणाची टोकं पहिल्या दिवशी बांधली नव्हती, काका, अगदी तुम्ही म्हणाला तसंच झालं, हँडल दाबला की वायर सापासारखी वळवळायची आणि जबडा जागेवर.

ताई, ती मिटतानाची गोष्ट म्हणजे कहर आहे ओ. स्प्रिंग जरा जास्तच झाली, पहिल्यांदा सोडलं तर असा आवाज आला की वरच्या मजल्यावरनं घरमालक खाली आले. आता मधे रबराचा तुकडा ठेवलाय.

लंडनच्या ताई, फुग्याला आमच्यातला जो पोरगा दिला तो बँकेत क्लार्क आहे, अजिबात बोलत नाही, तुम्ही म्हणाला तसाच. बीपीचा बोंडा त्याच्या वडिलांच्या मशीनचा काढलाय, घरी सांगितलेलं नाही. पहिल्या रात्री आम्ही हसून हसून मेलो. दुसऱ्या रात्री दिवा कमी केला, त्यानं एकदा श्वास सोडला आणि मग किती तरी वेळ काही केलंच नाही, आणि आम्ही पाचही जण तिच्या गळ्याकडं बघत बसलो होतो की आता घेईल, आता घेईल. कुणीच काही बोललं नाही. मग मी डोळे जरासे वळवले आणि मानेवाला माझ्या मागून आला, न ठरवता.

अडचण एक, जॉयस्टिकवर डोळे फिरतात पण मधे थांबवले की सर्वो गुणगुणतो आणि डोळा अगदी बारीक थरथरतो. सप्लाय बदललाय, तरी.

---

लेटेक्सताई

साडेसतरा फुटी आजीची मैत्रीण, मस्त!! गोष्ट जास्त चांगली झाली उलट.

डोळ्याचं, जॉयस्टिकची रीडिंग सारखी एक दोन आकड्यांनी हलत असते, सर्वो बिचारा प्रत्येक आकड्याच्या मागे धावतो. प्रोग्रॅमवाल्या मित्राला सांग की शेवटच्या पाच दहा रीडिंगची सरासरी घे आणि फरक थोडा असेल तर हलूच नको. गुणगुणण्याची काळजी करू नकोस, सेटवर सगळेच सर्वो कोकलतात, आवाज नंतर डबिंगलाच घालायचा असतो. फक्त आजींचे संवाद त्याच टेकमधे लाइव्ह घेणार असशील तर बोल.

---

हलते_देखावे_काका

किंवा सर्वो काढा आणि तिथंही तार लावा.

---

लेटेक्सताई

काका 😄

---

रेंडरबाबा

ठीक आहे, मान्य. मानेमागचा पाइप आणि वायर फ्रेममधे दिसले तर पुसून देतो, फुकट. फक्त कॅमेरा ट्रायपॉडवर ठेवा आणि मगर नसलेल्या मोकळ्या काठाचा एक शॉट त्याच उजेडात घेऊन ठेवा, नाहीतर मी मरेन. आणि डोळ्यात ओलेपणा कमी पडला तर तेवढा मी घालीन.

---

धुक्यातली_पाहुणी

डोळ्यात काही घालू नकोस, पाण्याची फवारणी बाटली वीस रुपयाला मिळते.

नटबोल्ट, "मानेवाला माझ्या मागून आला, न ठरवता" हे वाचून बरं वाटलं. आता सराव जास्त करू नका, दोन दिवस सोडून द्या, घट्ट होतं मग. आणि ज्या बाई आजींचं काम करणार आहेत त्यांना एकदा तरी शूटच्या आधी आणून बसवा मगरीसमोर. यंत्र कसं चालतं ते दाखवू नका, पोरं झाकून बसा. नुसतं धुणं धुवू दे त्यांना.

---

नटबोल्ट_सांगली

आणलं काल. आमच्या मित्राची खरी आजी आहे, ऐंशीच्या पुढची, कॅमेरा कधी बघितलेला नाही. गोठ्यात दगड ठेवून दिला, बादली दिली, आम्ही पेंढ्यामागं. आजी धुणं आपटत होती, क्लार्क श्वास घेत होता, मी तिच्या हातांकडं बघत होतो, म्हणजे मगर बघत होती. पाच सात मिनिटांनी आजी थांबली, मगरीकडं बघून म्हणाली, काय बघतीयास, तुझं बी धुवू का. आणि परत धुवायला लागली.

हे आम्ही लिहिलेलं नव्हतं. डायरेक्टर पोरानं लगेच स्क्रिप्टमधे घातलं.

आता तातडीचं, त्याच टेकला शेवटी जबड्याची तार हँडलपाशीच तुटली, वर स्पेअर पण संपल्या, उद्या सकाळी सहाला शूट आहे आणि आज रविवार. विश्रामबाग नाहीतर मिरजेत कुणाचं सायकलचं दुकान उघडं असतं का ह्या वेळी? मागच्या चाकाची लांब वायर पाहिजे, पुढची पुरत नाही.

---

हलते_देखावे_काका

दुकान शोधत बसू नका. ग्रुपमधे कुणाकडं मोटरसायकल आहे? तिची क्लचची वायर काढा, जास्त जाड असते, तुटणार नाही. हँडलच्या खाचेत टोक बसलं नाही तर खाच कानशीनं थोडी मोठी करा. गाडी परवा ढकलत न्या गॅरेजला.